पत्रकातून गाळलेलं नाव

मी जर्मनमधून मराठीत सबटायटल्स करते. रोजचं काम म्हणजे यंत्रांची माहितीपट्टी, नाहीतर दूध प्रक्रियेवरचा एखादा लांबलचक माहितीपट. त्यामुळे पुण्यातल्या एका फिल्म सोसायटीच्या काकांनी 1924 चा ऑस्ट्रियन मूकपट पुढे केला तेव्हा मी पैसेही न विचारता हो म्हटलं. 'डी श्टाट ओने युडन', म्हणजे 'ज्यूंविना शहर'.

मूकपटात मधेमधे येणाऱ्या संवादाच्या पाट्या सोप्या वाटतात, पण तसं नसतं. प्रेक्षकाला दोनदा सावकाश वाचता येईल इतका वेळ पाटी पडद्यावर असते. तेवढ्या वेळात खाली मराठी ओळ बसवायची. जर्मनचा एकच लांबलचक शब्द मराठीत चार शब्द होऊन येतो, वर जोडाक्षरं. माझं घोडं अडलं ते एकाच जागी. सिनेमातल्या शहराचं नाव युटोपिया आहे. ज्या कादंबरीवरून तो घेतला, त्यात ते सरळसरळ व्हिएन्नाच आहे. महागाईने लोक वैतागलेत, आणि चॅन्सेलर, म्हणजे सरकारप्रमुख, कायदा करतो की सगळ्या ज्यूंनी शहर सोडायचं. त्याला काय म्हणायचं? काका म्हणाले, "तडीपार लिही गं, लगेच कळेल." मी नाही म्हटलं. तडीपार होतो तो गुंड, त्याच्यावर गुन्हे असतात, आणि दोन वर्षांनी तो परत येतो. इथे गुन्हा कसला तर जन्म. शेवटी 'हद्दपार' लिहिलं आणि पुढे सरकले.

प्रयोगाच्या दिवशी दुपारी रंगीत तालीम होती. प्रेक्षकांसाठी एका पानाचं पत्रकही मीच केलं होतं. 120 प्रती छापून आल्या होत्या, शाईचा वास अजून गेला नव्हता. दिग्दर्शक हान्स कार्ल ब्रेस्लाउअर, मूळ कादंबरी हूगो बेटाउअर, नट हान्स मोझर, योहानेस रीमान. प्रोजेक्टरवर बसलेला मुलगा पत्रक चाळून म्हणाला, "ताई, पटकथा कुणाची?"

मी म्हटलं, जागा नव्हती.

खरंच नव्हती. मूळ कागदावर दोन नावं होती, ब्रेस्लाउअर आणि इडा येनबाख. ब्रेस्लाउअरचं दिग्दर्शक म्हणून नाव आलंच होतं, म्हणून मी ती ओळ उडवली. बाईचं नाव आपोआप गेलं. चहा येईपर्यंत म्हणून मी तिची माहिती शोधायला बसले. चहा आला, गार झाला.

इडा हंगेरीतल्या मिश्कोल्त्सची, जन्म 1868, माहेरचं आडनाव याकोबोविच. आधी नाटकात नटी. भाऊ बेला, त्यानेही हेच येनबाख नाव घेतलं. संगीतकार काल्मानच्या 'चार्दाशफ्युर्स्टिन' या गाजलेल्या ऑपरेटाचं, म्हणजे हलक्याफुलक्या संगीत नाटकाचं, शब्दलेखन करणाऱ्या दोघांपैकी तो एक. इडा सिनेमाकडे वळली तेव्हा पन्नाशी उलटली होती. पुढची दहाएक वर्षं व्हिएन्नातल्या मूकपटांसाठी तिने लिहिलं. मग बोलपट आले, आणि तिची कारकीर्द तिथेच थांबली. आपल्याकडे पन्नाशीत निवृत्तीचे हिशोब सुरू होतात, हिने त्या वयात नवा धंदा उघडला होता.

बेटाउअरला मार्च 1925 मध्ये त्याच्या कचेरीत शिरून एका तरुणाने गोळ्या घातल्या. दोनेक आठवड्यांनी तो गेला. मारणारा काही काळ वेड्यांच्या इस्पितळात राहून सुटला. ब्रेस्लाउअरने या सिनेमानंतर दुसरा केला नाही, पण 1940 मध्ये नाझी पक्षाचं सदस्यत्व मात्र घेतलं. बेला व्हिएन्नातच एका तळघरात लपून राहिला आणि 1943 मध्ये आजाराने वारला. आणि इडा? 28 नोव्हेंबर 1941 ला तिला व्हिएन्नाहून मिन्स्कच्या घेटोकडे, म्हणजे ज्यूंना कोंडलेल्या वस्तीकडे, रवाना केलं. वय त्र्याहत्तरच्या आसपास. त्यापुढे तिचा माग लागत नाही.

तेवढ्यात मुलाने पुढचं रीळ लावलं. म्हणजे फाईलच, पण तो रीळच म्हणतो. पडद्यावर स्टेशन. बोचकी, निरोप, गाडीत चढणारी माणसं. या प्रसंगांच्या मराठी ओळी मी आठवडाभर सेकंद मोजत बसवल्या होत्या. त्या दिवशी एकही वाचली नाही. डब्याच्या दारातल्या म्हाताऱ्या बायकांकडेच बघत बसले. काकांनी विचारलं, "अगं, ओळ उशिरा येतेय का?" मी नुसतीच मान हलवली.

हा सिनेमा तरी कुठे सलग उरला होता? 1991 मध्ये ॲमस्टरडॅमच्या फिल्म संग्रहालयात एक तुटकी प्रत मिळाली, तिचा शेवटच गायब. 2015 मध्ये पॅरिसच्या जुन्या बाजारात जुन्या नायट्रेट फिल्मवरची आणखी एक प्रत सापडली. ती वाचवायला 'फिल्मआर्काइव्ह ऑस्ट्रिया' या संस्थेने लोकांकडे पैसे मागितले, 86 हजार युरोंहून जास्त जमले, आणि 2018 मध्ये नीट केलेली प्रत पडद्यावर आली. म्हणून तर आम्ही त्या दिवशी बसलो होतो.

प्रयोगाला दोन तास होते आणि नवीन छापायला वेळ नव्हता. मी बॉलपेन काढलं. मुलगाही बसला, मग काका. पत्रकाच्या तळाशी बोटभर कोरी जागा होती तिथे लिहायचं: 'पटकथा: ब्रेस्लाउअर, इडा येनबाख'. दहाव्या प्रतीला काकांनी विचारलं, "जेनबाख ना? इंग्रजीत जे आहे."

"जर्मनमध्ये य म्हणतात, काका."

त्यांनी लिहिलेल्या नऊ प्रती परत घेऊन मी 'जे' खोडले. दारं उघडली तेव्हा एकवीस प्रतींवर लिहायचं राहिलं होतं. त्या मी टेबलाखाली सरकवल्या आणि लिहून झालेल्या वाटायला दिल्या.