नाओमी कावासे आणि फ्रेममध्ये शिरणारा हात

जपानी दिग्दर्शिका नाओमी कावासेचं नाव आपल्याकडे निघालंच तर कान फिल्म फेस्टिव्हलमुळे निघतं, १९९७ ला 'सुझाकु' या फिल्मसाठी तिला तिथलं कॅमेरा द'ओर (पहिल्या फीचर फिल्मसाठीचं बक्षीस) मिळालं तेव्हा ती फक्त २७ वर्षांची होती वगैरे. पण मला विचाराल तर तिचं सगळ्यात जिवाला भिडणारं काम त्याच्या आधीचंय, घरातल्या घरात केलेलं.

जपानमधल्या नारामध्ये वाढलेली मुलगी, आईवडील वेगळे झालेले, सांभाळलं ते नात्यातल्या एका आजीने. १९९२ च्या 'एम्ब्रेसिंग' या डॉक्युमेंटरीत ती वडिलांना शोधायला निघते, कुटुंब नोंदणीच्या कागदांवरचे जुने पत्ते धरून एकेक जागा पालथी घालते. आजीला हे अजिबात रुचत नाही, आणि साहजिकच आहे, जिने लहानाची मोठी केली तिला वाटणारच ना की माझं काय कमी पडलं म्हणून.

मग १९९४ ची 'कतात्सुमोरी', ही पूर्ण आजीवरच. त्यातला एक सीन माझ्या डोक्यातून जातच नाही. आजी बाहेर बागेत कामात आहे, कावासे आत खिडकीपाशी, ती आधी काचेवरूनच आजीच्या आकृतीवर बोट फिरवते आणि मग कॅमेरा तसाच चालू ठेवून बाहेर जाते आणि हात पुढे करून सरळ आजीच्या गालाला लावते. डॉक्युमेंटरीवाल्याने कोपऱ्यात गुपचूप बसावं, समोरच्याला कॅमेऱ्याचा विसर पडला पाहिजे, असं आपण ऐकत आलोय, इथे तर बघणारीचा हातच फ्रेममध्ये येतो आणि तरी (खरं तर त्यामुळेच) ते इतकं खरं वाटतं.

आणि हे ८ एमएमवर, म्हणजे घरगुती कॅमेऱ्यातल्या अरुंद फिल्मवर, शूट केलंय हे विसरू नका. ५० फुटी फिल्म, सेकंदाला १८ फ्रेमच्या स्पीडला साधारण ३ मिनिटं २० सेकंदांत संपते. मोबाईल लावून ठेवला आणि होऊ दे रेकॉर्ड, हा प्रकारच नाही, बटण दाबताना दर वेळी ठरवावं लागतं की हा चेहरा आत्ता, असाच, मला हवाय.

२००६ च्या 'ताराचिमे'मध्ये मात्र पोटात गोळा येतो. आजी खूप थकलीय, कॅमेरा तिच्या उघड्या, सुरकुतलेल्या अंगाच्या अगदी जवळ जातो, कावासेच्या बाळाचा जन्मही याच फिल्ममध्ये आहे, आणि याच फिल्ममध्ये ती आजीला जुन्या बोलण्याचा जाब विचारते, तोही आवाज चढवून. एवढ्या म्हाताऱ्या माणसाला कशाला छळायचं असं मला बघताना वाटलं, अजूनही वाटतं. पण तिने तो भाग कापला नाही हे मला फार मोठं वाटतं, कारण गालाला लागलेला हात आणि हा चढलेला आवाज एकाच नातीचा आहे, एक ठेवून दुसरं लपवलं असतं तर उरला असता नुसता फोटो अल्बम.

बघणार असाल तर याच क्रमाने बघा, फक्त शेवटची लगेच लावू नका, मध्ये एखादा दिवस जाऊ द्या.