ललिता पवार आहेस अगदी!

परवा सासूबाई साडीला फॉल लावायला बसल्या होत्या. सुईत दोरा काही जाईना. टोक ओठांत ओलं केलं, सुई उजेडाकडे धरली आणि डावा डोळा बारीक केला. लेकीनं मोबाइलमधून मान वर काढली. "आजी, ललिता पवार दिसतेयस अगदी!"

कार्टीनं बाईंचा एक सिनेमा पाहिलेला नाही. १९९८च्या फेब्रुवारीत बाई पुण्यात गेल्या, तेव्हा हिचा जन्मही झाला नव्हता. पण नाव ठाऊक! आपल्याकडे खाष्ट सासूला दुसरा शब्दच उरलेला नाही. स्थळ बघून आलेल्यांना मुलीची मावशी हळूच विचारते, "सासू कशीये? ललिता पवार नाही ना?" विशेषनामाचं सामान्यनाम कसं होतं, ते व्याकरणाच्या बाईंनी शिकवलं तेव्हा मला कळलं नव्हतं. या प्रश्नानं कळलं.

खरं तर बाई नायिका होत्या. येवल्याची अंबा सगुण, मूकपटांपासून पडद्यावर. १९४२च्या सुमारास एका प्रसंगात भगवानदादांनी त्यांना थप्पड मारायची होती. हात जरा जास्तच जोरात बसला. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली, उपचार लांबले आणि डावा डोळा बारीक झाला तो कायमचाच. वय सव्विशीचं. या वयात हल्ली मुली लग्नाला नाही म्हणत असतात. बाई सासू व्हायच्या वाटेला लागल्या. १९४४च्या 'रामशास्त्री'त आनंदीबाई झाल्या. 'ध'चा 'मा' केला म्हणून अडीचशे वर्षं शिव्या खाणारी ती आनंदीबाई.

शिव्यांवरून आठवलं. १९८७ साली आमच्याकडे रविवारी सकाळी 'रामायणा'ला अर्धी चाळ जमायची. आजी अंघोळ उरकून, शेंगांचं ताट मांडीवर घेऊन पहिल्या रांगेत. मंथरा आली की शेंगा ताटात तशाच. "आली सटवी!" म्हणून आजी कडाकडा बोटं मोडायची. पुढे राम वनात गेला, मंथरेचं काम सरलं. आजी मात्र हिरमुसली. "आज ती नाही का गं आली?" तेव्हा बाई सत्तरी ओलांडलेल्या होत्या, हे आता हिशोब केला तेव्हा लक्षात आलं.

मला स्वतःला 'प्रोफेसर'मधल्या आवडतात. कडक शिस्तीची बाई, आणि म्हाताऱ्याचं सोंग घेतलेल्या शम्मी कपूरच्या प्रेमात पडते. नटते, लाजते. थिएटर हसत असेल तेव्हा. मला मात्र तिच्यासाठी पोटात कालवतं. 'श्री ४२०'मधली केळेवालीही तशीच मायाळू. पण 'केळेवाली आहेस अगदी' असं कुणी कुणाला म्हणत नाही.

तर सासूबाई. दोरा ओवून झाल्यावर त्यांनी नातीकडे बघितलं. "ललिता पवार म्हणजे कुठली गं? मंथरा, की मिसेस डिसा?"

"ती कोण?"

मग रात्री 'अनाडी' लावला. १९५९चा, हृषीकेश मुखर्जींचा. राज कपूरची घरमालकीण मिसेस डिसा, तोंडानं फटकळ आणि आतून लोणी. याच कामासाठी बाईंना फिल्मफेअर मिळालं. (मुखर्जींना हे आडनाव फारच आवडलेलं असावं, पुढे 'आनंद'मध्येही बाई मेट्रन डिसाच आहेत.) लेक मात्र दर दहा मिनिटांनी विचारत होती, "ही दुष्ट कधी होणार?"

सासूबाई फक्त "बघ तू" म्हणायच्या.

शेवटी भेसळीचं औषध पिऊन मिसेस डिसा गेली. लेक ताडकन उठून बसली. "अगं आजी, पण ही तर चांगली होती!"

"होती ना. आता गप्प बस, मला रडू दे," सासूबाई म्हणाल्या आणि फॉल लावायच्या साडीलाच त्यांनी डोळे पुसले.