लोकटाक : तरंगत्या जमिनीवरचं गाव

गोष्टींमधल्या तरंगत्या नगरीला कुणीतरी मंत्राच्या जोरावर उचलून धरलेलं असतं. मणिपूरच्या लोकटाक सरोवरातल्या जमिनीला कुजलेल्या गवताने धरलंय. त्या जमिनीवर घरं आहेत, चुली आहेत, कुत्री आहेत, आणि एक अख्खं राष्ट्रीय उद्यानही आहे. मला हे सगळं बघायचं होतंच, पण त्याहून जास्त समजून घ्यायचं होतं की ही जमीन बुडत का नाही.

इंफाळहून मोइरांग साधारण 45 किलोमीटर. मोइरांगला आझाद हिंद सेनेचं स्मारक आहे. 14 एप्रिल 1944 रोजी कर्नल शौकत मलिक यांनी इथे तिरंगा फडकावला होता. तिथे थांबल्याशिवाय पुढे जाववत नाही. मग सेंद्राची टेकडी. सरोवर खरं दिसतं ते इथून. रामसर यादीत त्याचं क्षेत्र 266 चौरस किलोमीटर आहे, पण आकड्यापेक्षा नजर खिळते ती पाण्यावरच्या हिरव्या वर्तुळांवर. पाण्यावर कुणी बांगड्या मांडून ठेवल्यात असं वाटतं. ही मासे पाळायची कुंपणं, अथाफुम. तरंगत्या गवताचे पट्टे कापून, ओढत आणून, गोल जोडून केलेली.

या गवताच्या जमिनीला फुमदी म्हणतात. चंपू खांगपोक या तरंगत्या वस्तीकडे होडीने निघालो. नावाडी आमच्याहून वयाने मोठे, त्यांना सगळे तामो, म्हणजे दादा, म्हणत होते. आम्हीही तेच म्हणू लागलो. होडी इतकी अरुंद की मधोमध मांडी घालून बसायचं आणि हलायचं नाही. वाटेत एका मोकळ्या फुमदीशी त्यांनी होडी लावली, वल्हं बाजूला ठेवलं आणि हाताने कडेचा एक लगदा उपटून माझ्यासमोर धरला. वर हिरवं गवत, त्याखाली तपकिरी मुळांचं घट्ट विणलेलं जाळं, आणि त्याखाली काळा, ओला, बोटांत चुरगळणारा थर. ओल्या मातीचा आणि जुन्या पाल्याचा वास. मुळं, कुजका पाला आणि गाळ वर्षानुवर्षं एकमेकांत अडकून ही जमीन होते. जाडी काही सेंटिमीटरपासून दोन मीटरपर्यंत. पाण्यावर दिसतो तो जेमतेम पाचवा हिस्सा, बाकी चार हिस्से पाण्याखाली.

मग त्यांनी खूण केली, उतरा. पाऊल ठेवलं तर ते घोट्यापर्यंत आत गेलं, भोवती पाणी वर आलं, आणि दोन हातांवरचं गवत हळूच उचललं गेलं. दुसरं पाऊल टाकल्यावर पहिल्याखालची जमीन वर आली. एका जागी उभं राहिलं की आपण हळूहळू खाली जातो, म्हणून चालत राहायचं. तिथली माणसं मात्र डोक्यावर ओझी घेऊन सहज चालतात.

झोपड्या बांबूच्या, वर पत्रा किंवा गवत. वादळात घर वाहत जाऊ नये म्हणून चारी बाजूंनी बांबू खोल रोवून फुमदी बांधून ठेवतात. एका घरी इमांनी लाल चहा दिला. वयस्क बाईला तिथे इमा म्हणतात, आईसारखंच. घरात चूल होती, सौर दिव्याची तबकडी होती, कोपऱ्यात जाळ्यांचे ढीग होते, आणि न्गारीचा, आंबवलेल्या माशांचा, दरवळ होता. मला तो वास आवडला. बोंबील खाणाऱ्या घरात वाढलेल्याला त्यात परकं काही वाटत नाही.

फुमदी का बुडत नाही, याचं उत्तर तामोंनी हिंदीतून दिलं, आणि या प्रवासातलं सगळ्यात मोलाचं मला तेच वाटतं. हिवाळ्यात पाणी उतरायचं. पाणी उतरलं की फुमदी सरोवराच्या तळाला टेकायची. टेकली की मुळं गाळातून पोसली जायची. पावसाळ्यात पाणी चढलं की धष्टपुष्ट होऊन पुन्हा वर. म्हणजे वर्षातून एकदा जमिनीला लागते म्हणूनच ती उरलेलं वर्ष तरंगू शकते. इतकी साधी आणि इतकी नाजूक व्यवस्था मी दुसरीकडे पाहिलेली नाही.

ही व्यवस्था 1983 मध्ये मोडली. मणिपूर नदीवर इथाईचा बंधारा झाला. 105 मेगावॅटच्या जलविद्युत प्रकल्पासाठी सरोवराची पातळी वर्षभर उंच ठेवली जाऊ लागली. फुमदी तळाला टेकायची बंद झाली आणि उपाशी राहून पातळ होत चालली. काठची भातशेती कायमची पाण्याखाली गेली, आणि शेती गेलेल्यांतले कितीतरी जण मासेमारीकडे वळले. पेंगबा हा मणिपूरचा राज्यमासा म्यानमारमधल्या चिंदविन नदीकडून पोहत वर यायचा. बंधाऱ्याने त्याची वाट अडवली. पुढे 2006 मध्ये सरोवर वाचवायचा कायदा आला, आणि 2011 च्या नोव्हेंबरमध्ये त्याच कायद्याच्या आधारे शेकडो तरंगत्या झोपड्या हटवल्या, जाळल्या गेल्या. सरोवर जपायलाच हवं, पण ज्यांची शेतं पाण्याने घेतली त्यांचीच घरं आगीने घ्यायची, हा न्याय मला पटत नाही.

दुसऱ्या दिवशी पहाटेच कैबुल लामजाओ. 40 चौरस किलोमीटरचं, बरंचसं तरंगणारं हे राष्ट्रीय उद्यान 1977 मध्ये जाहीर झालं. इथे सांगाई राहतो. हे हरीण 1951 मध्ये नामशेष झालं असं धरलं गेलं होतं. 1953 मध्ये निसर्ग-अभ्यासक ई. पी. जी यांनी ते पुन्हा शोधून काढलं. 1975 च्या मोजणीत फक्त 14 उरले होते, 2016 च्या मोजणीत 260. निरीक्षण मनोऱ्यावरून दुर्बिणीत बराच वेळ नुसतं उंच गवत. मग एक नर दिसला. कपाळापासून पुढे आलेली आणि मागे वळलेली शिंगं एका सलग कमानीसारखी. तो खूर टेकून न चालता घोट्याच्या मागच्या भागावर भार देऊन चालत होता, एकेक पाय उचलून, थबकत. त्याला नाचणारं हरीण म्हणतात ते या चालीमुळे, आणि ही चाल या लवचीक जमिनीनेच त्याला शिकवली असणार. फुमदी पातळ झाली तर त्याच्या नव्वद-शंभर किलोंचा भार ती पेलणार नाही. इथाईचे दरवाजे हिवाळ्यात तरी उघडा, ही मागणी तिथे ज्याच्याशी बोलाल तो करतो, आणि मला ती शंभर टक्के रास्त वाटते.

ही भेट मे 2023 च्या आधीची. त्यानंतरच्या वांशिक हिंसाचारात मणिपूरने जे सोसलंय, त्यात मोइरांगचा परिसरही होरपळला. तिकडे कुणाचं काय झालं असेल, हा विचार आजही सुटत नाही. जायचं ठरवलंत तर आधी तिथल्या परिस्थितीची नीट चौकशी करा. इनर लाइन परमिट, म्हणजे राज्यात शिरायचा परवाना, लागतं. नोव्हेंबर ते मार्च हा काळ चांगला, सांगाईसाठी पहाटच गाठा. आणि सेंद्रावरून फोटो काढून परत फिरू नका, होडीने वस्तीपर्यंत जा, आणि होडीचे पैसे घासाघीस न करता द्या.