तो बायकोला काय म्हणाला?

नायट्रेटचं, म्हणजे जुन्या ज्वालाग्राही फिल्मचं, रीळ हाताने फिरवताना दोन्ही कडा चिमटीत धरतात. कडेचं तुटकं छिद्र किंवा दोन तुकडे चिकटवलेला, सुटू पाहणारा जोड डोळ्यांआधी बोटांना कळतो. त्या दिवशी ३५ मिमीच्या एका मूकपटाचं शेवटचं रीळ टेबलावर होतं. नवऱ्याने खून करून पचवलाय, मेलेला माणूस त्याला आरशात दिसतो, बायकोला संशय आहे. अखेर तो तिच्यासमोर तोंड उघडतो आणि नेमका तिथे जोड.

जोड दिसला की नवखे लगेच ‘सेन्सॉरने कापलं’ म्हणून मोकळे होतात. तेव्हा रात्र निळी, दिव्याची खोली पिवळी अशा रंगांत प्रिंटचे तुकडे बुडवून मग एकमेकांना चिकटवायचे. रंग बदलतो तिथला जोड बहुधा मूळचाच. इथे मात्र दोन्हीकडे तोच निळा. भिंग लावलं. जोडाअलीकडे त्याचा हात टेबलावर, पलीकडे बायकोच्या खांद्यावर. फाटलेल्या दोन-चार फ्रेम काढल्या असत्या तर हात एवढा सरकला नसता. नुसती संवादाची पाटी गळली असती तरी नाही, कारण पाटीनंतर शॉट सहसा होता तिथूनच पुढे चालू होतो. म्हणजे चित्रच गेलंय. फुटाला १६ फ्रेम, त्यामुळे दोन-तीन फुटांतही माणूस बरंच काही बोलून जातो.

स्कॅन करणाऱ्यांना यातलं काही दिसत नाही; त्यांच्यासाठी सिनेमा म्हणजे फाइल. त्यांनी आमच्या सरांना तो सेकंदाला २४ फ्रेमने, म्हणजे मूकपटासाठी फार भरभर, दाखवला. खुन्याची थरथर पाहून सगळे हसले. १८ वर लावला तेव्हा कुणी हसेना.

सर म्हणाले, “नवी पाटी घाल, ‘तो खून मीच केला.’ लोकांना कळायला नको?”

“सर, तो खोटंही बोलला असेल.”

ओठ फ्रेमगणिक पाहिले. तोंडाचा ‘ओ’ झालाय, एवढंच. खांद्यावरच्या हाताच्या शॉटपुढची फिल्म आधी चिकटली, मग तिची तपकिरी भुकटी झाली. त्याला अटक झाली की नाही, तेही त्या भुकटीतच गेलं.

मी पाटी घातली, पण ‘येथील भाग उपलब्ध नाही’ अशी. सर अजून नाराज आहेत. माझा मुद्दा एवढाच की खांद्यावरचा तो हात बायको झटकत नाही. खरं ऐकलेली बाई तो तसाच ठेवील?

“ठेवील,” सर म्हणतात.

शेजारच्या टेबलावरची सहकारी म्हणाली, “ठेवावाच लागला असेल. तिला त्याच घरात राहायचंय.”

हे मला सुचलं नव्हतं.