बिबट्या खरा होता

गेल्या १६ वर्षांत मी किती नवऱ्यामुलींच्या कपाळावरचा घाम पुसला, याची मोजदाद नाही. पुसला म्हणजे माऊसने. कऱ्हाडात लग्नाचे व्हिडिओ एडिट करतो. डोळ्यावर आलेली मुंडावळी बाजूला सारायची, मंगलाष्टकं चालू असताना मामांनी दिलेली जांभई कापायची, असली कामं. त्यामुळे घरच्या ग्रुपवर काही विचित्र आलं की सगळे मलाच विचारतात, "बघ रे, खरं आहे का?" आणि मी न्यायाधीशाच्या थाटात निकाल देतो. म्हणजे द्यायचो.

सुरुवातीला ते सोपंही होतं. नोव्हेंबर २०२३ मध्ये रश्मिका मंदानाचा लिफ्टमधला व्हिडिओ फिरला, तेव्हा मी तो एडिटिंगच्या टाइमलाइनवर टाकून एकेक फ्रेम सरकवली. अगदी सुरुवातीला चेहरा भलत्याच मुलीचा आहे. ती लिफ्टमध्ये शिरते आणि एका झटक्यात रश्मिका होते. मूळ व्हिडिओ एका ब्रिटिश-भारतीय तरुणीचा होता. वहिनींना तो सांधा थांबवून दाखवला तेव्हा कॉलर ताठ झाली.

जानेवारी २०२४ मध्ये तात्यांनी सचिनचा व्हिडिओ आणला. तेंडुलकर एका गेमिंग अॅपची जाहिरात करतोय, मुलगी त्यावर कमावते म्हणतोय. तात्यांचा सचिनवर विश्वास घरातल्या कुणाहीपेक्षा जास्त. त्यांना मी ओठ बघायला शिकवलं. प, ब, म म्हणताना ओठ मिटलेच पाहिजेत, करून बघा. तात्या आरशासमोर 'पापड, बाबा, मामा' म्हणत बसले. शेवटी खुद्द सचिननेच तो व्हिडिओ खोटा असल्याचं जाहीर केलं, मुंबईत गुन्हाही दाखल झाला, तेव्हा कुठे त्यांना पटलं. माझ्या ओठांच्या थिअरीने नाही.

मग मागच्या हिवाळ्यात बिबट्या आला.

आधी महिनाभर एआयचे बिबटे आलेच होते. एसटी स्टँडवर बसलेला, कुणाच्या गच्चीवर वाळवणाशेजारी पहुडलेला. मी प्रत्येकाला 'फेक' म्हणून हाणत होतो. एका रात्री शेजारच्या गावातली सीसीटीव्ही क्लिप आली. काळीपांढरी, नऊ सेकंदांची. गोठ्यासमोरून एक जनावर जातं, कुत्रं उचलतं, निघून जातं. मी झूम केलं. पाय एकमेकांत विरघळतायत, शेपूट मध्येच गायब होतेय, अंगाची सावलीच नाही. लिहून टाकलं, 'एआय आहे, झोपा.'

त्या आठवड्यात शेतीची लाईट रात्रीची होती. धाकटा चुलतभाऊ माझा मेसेज वाचून साडेअकराला एकटाच दारं धरायला, म्हणजे पाणी पाजायला गेला. उसात.

त्याला काही झालं नाही, हे आधीच सांगतो. पण सकाळी पाटाच्या कडेला, त्याच्या गमबुटांच्या खुणांपासून पाच-सहा हातांवर, ओल्या मातीत ठसे होते. वनखात्याच्या १९२६ या हेल्पलाइनवर फोन केला. वनरक्षक आले, ठशाशेजारी पट्टी ठेवली आणि म्हणाले, "कुत्र्याच्या ठशात नखं दिसतात. इथं बघा, नखं नाहीत. चालताना आत ओढून घेतो हा." मी मान हलवली. भाऊ माझ्याकडे बघत होता, बोलला काहीच नाही. शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

ती क्लिप पुन्हा उघडली तेव्हा स्वतःचीच लाज वाटली. रात्री सीसीटीव्हीचा इन्फ्रारेड दिवा लेन्सच्या बाजूलाच असतो, सावली जनावराच्या मागे पडते, ती कॅमेऱ्याला दिसणार कशी? अंधारात शटर मंद होतं, पाय फिसकटणारच. वर कुणीतरी मॉनिटरचं मोबाईलने शूटिंग केलेलं आणि व्हॉट्सअॅपने ते पिळून काढलेलं. हे मला माहीत नव्हतं असं नाही. 'फोटो व्हॉट्सअॅपवर नका पाठवू हो, पेनड्राइव्हवर आणा' असं मीच गिऱ्हाइकांना ओरडून सांगतो.

गंमत म्हणजे तो गोठेवाला वहिनींच्या माहेरचा. एका फोनचं काम होतं. मी चित्राकडे टक लावून बसलो आणि ते कुणी काढलं हे विचारलंच नाही.

आता निकाल देत नाही, चौकशी करतो. कुणी काढलं, तुला कुणी पाठवलं, मूळ फाईल मिळेल का? मिळणार असेल तर व्हॉट्सअॅपवर डॉक्युमेंट म्हणून मागवतो, नाहीतर तारीखवेळ वाटेतच गळून पडते. मेसेजवर फॉरवर्डचा दुहेरी बाण असेल तर तो बऱ्याच हातांतून आलाय, पाठवणाऱ्यालाही काही ठाऊक नसतं. व्हिडिओ लांबचा असला तर तीन-चार ठिकाणी थांबवून स्क्रीनशॉट घेतो आणि गूगल लेन्समध्ये टाकतो. 'कालचा' पूर बऱ्याचदा चार वर्षांपूर्वीचा आणि दुसऱ्याच राज्यातला निघतो. त्यात एआयचा काही हात नसतो, नुसता मथळा बदललेला असतो.

आवाजाचं मात्र अवघड आहे. 'चांगलं' मधला च 'चार' सारखा उच्चारला की मी मशीन पकडायचो, पण तेही हल्ली सुधारतंय. नोव्हेंबर २०२४ मध्ये विधानसभेच्या मतदानाच्या तोंडावर सुप्रिया सुळे आणि नाना पटोले यांच्या नावाने ऑडिओ क्लिपा फिरल्या. दोघांनीही त्या खोट्या असल्याचं सांगितलं. पण खुलासा ग्रुपवर पोचेपर्यंत बोटाला शाई लागलेली असते. आणि त्यात बघायला ओठही नसतात.

परवा त्या ठशाचा फोटो ग्रुपवर टाकला, तर तात्यांचं उत्तर आलं, "हा तरी खरा का?" बरोबर विचारलं. मीच काढलाय, शेजारी भावाची काडेपेटी आहे. मूळ फाईल माझ्याकडे आहे. हवी असेल त्याला डॉक्युमेंट म्हणून पाठवतो.