चित्राआधी येणारं संगीत

सोलापुरात हार्मोनियम शिकलेल्या ज्या मुलांना ॲनिमेला, म्हणजे जपानी ॲनिमेशनला, संगीत द्यायचंय, त्यांनी आधी हे समजून घ्यावं: टीव्ही मालिकेत संगीतकाराला बहुतेक वेळा तयार चित्र मिळतच नाही. ध्वनिदिग्दर्शक यादी देतो, 'हळूहळू चढणारा तणाव, दीड मिनिट' अशी. नंतर तोच तुकडे कापून प्रसंगांना लावतो. म्हणून दर आठ मात्रांनी थांबता येईल अशी जागा ठेवा. झांजेची आस, म्हणजे वाजल्यावर घुमत राहणारा नाद, त्या जागेवरून पुढे वाहत राहिली, तर कापल्यावर ती तुटते आणि कानाला खुपते. ताल, तंतुवाद्यं, मुख्य धून वेगवेगळी द्या; मग संवादाखाली नुसती धून वगळता येते.

सिनेमात वेगळं. जपानी संगीतकार जो हिसाइशींनी 'नौसिका'साठी आधी इमेज अल्बम, म्हणजे चित्रपटाच्या कल्पनेवरून आधीच रचलेल्या संगीताचा अल्बम, केला, मग १९८४च्या चित्रपटाचं संगीत त्यांच्याकडेच आलं.

हिशेब पक्का हवा. सेकंदाला २४ फ्रेम. मिनिटाला १२० ठोक्यांची लय घेतली तर दर ठोका बरोबर १२ फ्रेमचा. १३० घेतली की ठोके फ्रेमवरून सरकतात. ९० सेकंदांच्या शीर्षकगीतात १२०च्या लयीत १८० ठोके बसतात.

सोलापूरच्या पूर्व भागात राहत असाल तर यंत्रमाग बंद असतानाच माइक लावा. तो खटखटाट फिल्टरने जात नाही.