दुधाची बिलं आणि कोर्टातला हिशोब

"मॅडम, किती मिळतील?" अपघातात घरातला कर्ता माणूस गेलेली माणसं हे विचारतात, आणि त्यात काहीही गैर नाही. मी सोलापूरला मोटार अपघाताचे दावे चालवते, वारसांच्या बाजूनं. पण आकडा सांगण्याआधी मला उलट विचारावं लागतं: ते महिन्याला किती कमवायचे, आणि त्याचा कागद काय आहे?

पगारदाराचं काम पगारपत्रकावर भागतं. माझ्याकडे येतात त्यांची दोन-तीन एकर जमीन, चार म्हशी आणि हंगामात मिळेल ते काम. मोहोळकडच्या एका बाईंनी पिशवीभर दुधाची बिलं आणली होती. दूध संस्थेची दर दहा दिवसांची चिटोरी: लिटर, फॅट, दर, पेंडीची कपात. शाई उडालेली, काही भिजून चिकटलेली. आम्ही ती तारखेनं लावली आणि संस्थेच्या रजिस्टरशी ताडून पाहिली.

उलटतपासणीत विमा कंपनीच्या वकिलांनी नेहमीचा प्रश्न टाकला: "म्हशी अजून तुमच्याकडेच आहेत ना?" जमिनीबाबतही हाच युक्तिवाद असतो, की जमीन वारसांकडेच राहिली, मग नुकसान कसलं? बाई म्हणाल्या, "तीन विकल्या साहेब. वैरण कोण आणणार? मी आणि सासूबाई एकीचंच करतो." कोर्टानं उत्पन्न महिना १२,००० धरलं.

पुढचं गणित ठरलेलं आहे. सर्वोच्च न्यायालयानं २००९ च्या सरला वर्मा निकालात वयानुसार गुणक (वर्षाच्या नुकसानीला ज्यानं गुणायचं तो आकडा) ठरवून दिले आणि २०१७ च्या प्रणय सेठी निकालात भविष्यातल्या उत्पन्नवाढीची टक्केवारी. मयत ३४ वर्षांचे, स्वतःचा धंदा करणारे, म्हणून ४० टक्के वाढ: १६,८००. मागे बायको, दोन मुलं आणि आई असे चौघं अवलंबून, म्हणून मयताच्या स्वतःच्या खर्चापोटी पाव हिस्सा वजा: १२,६००. वर्षाचे १,५१,२००. या वयाला गुणक १६, म्हणजे २४,१९,२००. सहवासाचं नुकसान, अंत्यविधीचा खर्च वगैरे वेगळे. त्यांच्या रकमा ठरलेल्या असतात आणि दर तीन वर्षांनी १० टक्क्यांनी वाढतात.

आता हेच गणित उलटं करून बघा. महिन्याच्या उत्पन्नात नुसता हजार रुपयांचा फरक पडला, तर या कुटुंबाच्या भरपाईत २,०१,६०० रुपयांचा फरक पडतो. उत्पन्न ८,००० धरलं असतं, तर आठ लाखांहून जास्त रक्कम गेली असती. टक्केवारी आणि गुणकावर फारसा वाद होत नाही, खरी लढाई त्या पहिल्या आकड्यावरच असते. कागद नाही म्हणून डोळे झाकून किमान वेतन धरायचं, हे मला अन्यायाचं वाटतं. किमान वेतन हा आधार असू शकतो, पण तोच शेवटचा शब्द नाही, असं सर्वोच्च न्यायालयानंही २०२१ मध्ये सांगितलंय. तरी पुरावा जमवायचं ओझं पडतं ते नुकताच नवरा गेलेल्या बाईवर. म्हणून सांगते, पासबुक, बिलं, आडतीच्या पट्ट्या, पिकअपच्या हप्त्याच्या पावत्या यातलं काहीही टाकू नका. वयासाठी शाळा सोडल्याचा दाखला काढून ठेवा. वय ३१ ते ३५ असेल तर गुणक १६, ३६ झालं की १५.

आणि बाईच गेली तर? गृहिणीच्या कामाला २००१ च्या लता वाधवा निकालात महिना ३,००० रुपये धरले होते. २०२१ च्या कीर्ती निकालानं गृहिणीच्या उत्पन्नातही भविष्यातली वाढ धरायला लावली. हे चांगलंच झालं. पण आमच्याकडे बाई नुसती घर सांभाळत नाही. पहाटेची धार तिची, शेण तिचं, संस्थेत दूध घालायला जाणारीही बऱ्याचदा तीच, आणि खातं मात्र नवऱ्याच्या नावावर. तिच्या दाव्यात विमा कंपनी तेच खातं पुढं करते: दूध नवऱ्याचं, बाई घरी असायच्या. अशा वेळी मी संस्थेच्या सचिवांना रजिस्टर घेऊन साक्षीला बोलावते आणि सकाळी किटली घेऊन कोण यायचं, ते त्यांच्या तोंडून रेकॉर्डवर आणते.